कंथा आणि बासन

१. जुन्या पोथ्या व कागदपत्रें यांच्या शोधांत हिंडणाऱ्यांस बासन ही वस्तु फार परिचयाची आहे. एखाद्या जुन्या घराण्यांत माळ्यावरून दप्तर खालीं येतें, त्याची गांठ सुटते, आणि सर्वांची दृष्टि आंतील कागदांकडे लागते. ज्या फडक्यांत तें दप्तर पिढ्यान्‌पिढ्या बांधलेलें होतें तें बाजूस पडतें. पुढें कागदांस नवें, एकसारखें कापड मिळतें व जुन्या फडक्याचें पोतेरें होतें. पेशवे दप्तरांतील कागदांची मोजदाद आपण रुमालांनीं करितों. म्हणजे वेष्टनाचें नांव हेंच संग्रहाचें परिमाण होऊन बसलें आहे. परंतु तें वेष्टन कोणाच्या हातचें, कोणत्या कापडाचें, व कोणत्या हेतूनें शिवलेलें, हा प्रश्न आपल्या टिपणांत क्वचितच आढळतो.

या प्रश्नाचें महत्त्व ज्या एका उदाहरणानें विशेष स्पष्ट होतें तें बंगालमधील कंथेचें होय. कंथा म्हणजे जुन्या, विरलेल्या साड्या व धोतरें एकावर एक घालून त्यांवर स्त्रियांनीं घरच्या घरीं टांके घालून भरलेलें वस्त्र. तिच्या अनेक प्रकारांपैकीं एक प्रकार पोथ्या बांधण्याच्या बासनाचाच आहे; आणि कित्येक कंथांवर करणारीचें नांव, जिच्यासाठीं वा ज्याच्यासाठीं ती केली त्याचें नातें व करणारीचा हेतु हीं सुतानें अक्षरें काढून नोंदलेलीं आहेत. अशी कंथा हा स्त्रियांच्या हातचा लेख होय, आणि तिचें वाचन ऐतिहासिक साधन म्हणूनच झालें पाहिजे, हें दाखविण्याचा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

२. प्रथम शब्दाचा विचार करूं. संस्कृतांत कन्था म्हणजे चिंध्या जोडून केलेलें वस्त्र. भर्तृहरीच्या वैराग्यशतकांत जीर्ण कंथा ही विरक्ताची खूण म्हणून येते. नाथपंथी जोग्याच्या वेषांत मुद्रा, शृंगी व शैली यांच्या जोडीस कंथा असते. बौद्ध भिक्षूंच्या आचारांत उकिरड्यावर टाकलेल्या चिंध्या वेंचून त्यांचें चीवर करण्याचा नियम 'पांसुकूल' या नांवानें प्रसिद्धच आहे. मराठींतही कंथा हा शब्द गोसाव्याच्या वस्त्रासच मुख्यत्वें राहिला. घरांतील वस्त्रास आपण गोधडी, वाकळ, आणि लहान मुलाचें असेल तर दुपटें म्हणतों. तथापि या दोन्ही अर्थांचा संबंध आपल्याकडेही अगदीं तुटलेला नाहीं. श्रीगाडगे महाराजांस (१८७६–१९५६) लोक गोधडे महाराज म्हणत, तें याच वस्त्रावरून.

बंगालींत मात्र संन्याशाचें वस्त्र व घरांतील पांघरूण या दोहोंसही एकच शब्द राहिला, आणि त्यामुळें त्या वस्त्राच्या अर्थांत एक निराळीच खोली आली. कृष्णदास कविराजाच्या चैतन्यचरितामृतांत या दोहोंच्या मधली एक कथा आहे. गौडाच्या हुसेनशहाच्या पदरीं मोठ्या अधिकारावर असलेला सनातन संसार सोडून काशीस श्रीचैतन्यांकडे आला. त्याच्या अंगावर मेहुण्यानें दिलेली किंमतीची भोट कांबळ होती. श्रीचैतन्य त्या कांबळीकडे वारंवार पाहूं लागले. सनातनानें त्याचें मर्म ओळखलें. गंगेच्या घाटावर कोणी गौडदेशीय मनुष्य आपली कंथा धुऊन वाळवीत होता, त्याला ती कांबळ देऊन त्याची फाटकी कंथा यानें मागून घेतली. या कथेंत कंथा ही जशी वैराग्याची खूण आहे, तशीच ती एका सामान्य गृहस्थाच्या नित्य वापरांतील वस्तुही आहे. घाटावर वाळत पडलेल्या त्या कंथेवर कोणातरी स्त्रीचे टांके होते, हें सांगण्याचें कविराजास कारण नव्हतें. आपणांस मात्र तें लक्षांत ठेवणें अवश्य आहे.

३. आतां कंथेची घडण पाहूं. घरांत नेसून नेसून मऊ झालेल्या साड्या व धोतरें धुऊन त्यांचे चांगले भाग निवडीत. ते जमिनीवर एकावर एक पसरून, सुरकुती राहूं न देतां, प्रथम कडा शिवून घेत आणि मग लांब टांक्यांनीं सर्व थर एकत्र धरीत. लहान कंथेस दोन-तीन थर पुरत. पांघरावयाची असेल तर थर अधिक घालीत. भरण्यासाठीं लागणारें रंगीत सूत बाजारांतून आणण्याची चाल जुन्या काळीं नव्हती. त्याच साड्यांच्या रंगीत कांठांतून एक एक धागा सोडवून, दोन-तीन धागे एकत्र पिळून तें तयार करीत. टांका मुख्यत्वें एकच, आपल्याकडे ज्याला धावदोरा म्हणतात तो. याच टांक्यानें आकृतीची रेषा काढावयाची, याच टांक्यानें ती भरावयाची, आणि उरलेल्या पांढऱ्या जमिनीवर पांढऱ्याच सुताच्या जवळजवळ ओळी आकृतीच्या वळणानें फिरवावयाच्या. त्यामुळें कापडावर पाण्याच्या लाटांसारखी बारीक सुरकुती उठते, व पांढरी जमीनही जिवंत दिसूं लागते.

कडेचे कांठही टांक्यांनींच विणीत, आणि त्यांस नांवें असत. 'धानेर शीष' म्हणजे भाताची लोंबी. 'बिछे पाड' म्हणजे विंचवाचा कांठ. त्याचप्रमाणें डोळ्याचा, शिडीचा, तावीजाचा असे कांठ आहेत. हीं नांवें शेत, अंगण व घर यांतूनच उचललेलीं आहेत हें सहज दिसून येईल.

४. उपयोगावरून कंथेचे प्रकार पडतात. 'लेप' ही थंडींत पांघरावयाची जाड कंथा. 'सुजनी' ही पाहुण्यांस बसावयास वा समारंभांत अंथरावयाची. 'ओआड' हा उशीचा अभ्रा. 'आरशीलता' ही आरसा व फणी गुंडाळण्याची लांबट पट्टी. 'दुर्जनी' ही चौकोनाचीं तीन टोकें मध्यावर आणून शिवलेली, पाकिटासारखी पिशवी. यांतच 'बायतन' हा प्रकार येतो. हें साधारणतः चौरस वस्त्र असून त्यांत पोथ्या व मौल्यवान वस्तु बांधून ठेवीत. आपलें बासन तें हेंच.

बायतनाविषयीं एक गोष्ट विशेष ध्यानांत घेण्यासारखी आहे. ज्या घरांत पोथी होती त्या घरांतील स्त्रीला ती वाचतां येतच होती असें नाहीं. बहुधा येत नव्हती. पोथीशीं तिचा संबंध तिच्या वेष्टनाच्या द्वारें येई. पुरुषांनीं लिहिलेला व पुरुषांनीं वाचावयाचा ग्रंथ आंत, आणि स्त्रीनें महिनेच्या महिने बसून भरलेलें कमळ बाहेर, अशी ती जोडी असे. आपण ती जोडी फोडतों, आणि आंतील अर्धाच लेख वाचतों.

५. कंथेवरील आकृतींचा अर्थ लावतांना बंगालमधील आलपना, म्हणजे तांदुळाच्या पिठाच्या पाण्यानें काढलेली रांगोळी, व स्त्रियांचीं व्रतें यांचा आधार घ्यावा लागतो. कंथेच्या मध्यभागीं बहुधा अष्टदल वा शतदल पद्म असतें. चार कोंपऱ्यांत चार झाडें किंवा चार कुयऱ्या असून त्यांचीं टोकें मध्याकडे वळलेलीं असतात. लक्ष्मीपूजनाच्या आलपनेंतील पद्माशीं याचें साम्य उघड आहे. मधल्या मोकळ्या जागेंत मग रथ, पालखी, नौका, हत्ती, घोडे, मासे, कृष्ण व गोपी, आणि यांच्याच पंक्तीस फणी, आरसा, आडकित्ता अशा घरगुती वस्तु येतात.

देवांच्या शेजारीं आडकित्ता कां, असा प्रश्न पाहणाऱ्यास पडेल. त्याचें उत्तर व्रतांत आहे. अवनींद्रनाथ ठाकूर यांनीं १९१९ साली प्रसिद्ध केलेल्या 'बांगलार ब्रत' या पुस्तकांत कुमारिकांच्या सेंजुति व्रताचें वर्णन आहे. त्या व्रतांत मुली इच्छित वस्तु आलपनेनें जमिनीवर काढतात, आणि एकेका चित्रावर हात ठेवून ती वस्तु वा तें सुख आपणांस मिळावें अशी प्रार्थना करितात. या दृष्टीनें पाहिलें म्हणजे कंथेवरील फणी ही नुसती शोभा राहत नाहीं, ती मागणें होते. आणि कंथा दुसऱ्यासाठीं केलेली असल्यामुळें तें मागणें आशीर्वादाचें रूप घेतें. आलपना दुसऱ्या दिवशीं पुसली जाते. कंथा मात्र पिढ्यान्‌पिढ्या टिकते.

याहून खोल अर्थ वस्त्राच्या जीर्णपणांतच आहे. फाटकें वस्त्र दृष्ट व बाधा टाळतें ही समजूत हिंदुस्थानांत सार्वत्रिक आहे. नवजात मुलास प्रथम जुन्या मऊ कापडांत गुंडाळण्याची, वाटेवरच्या झाडास चिंध्या वाहण्याची चाल आपल्याही परिचयाची आहे. कलकत्ता विद्यापीठांत अनेक वर्षें अध्यापन केलेल्या विदुषी स्टेला क्रामरिश यांनीं १९३९ सालीं कलकत्त्याच्या इंडियन सोसायटी ऑफ ओरिएंटल आर्ट या संस्थेच्या नियतकालिकांत कंथेवर जो निबंध लिहिला, त्यांत त्यांनीं याच गोष्टीवर भर दिला आहे: जें तुकडे तुकडे झालें त्यास पुन्हां अखंडत्व देणें हें कंथेचें मर्म होय. आईची साडी, बापाचें धोतर, सासूचें वस्त्र हीं एका कंथेंत शिवलीं जातात. तीं नेसणारीं माणसें गेलीं तरी तीं वस्त्रें नातवाच्या अंगावर राहतात. जोग्यानें चिंध्या जोडल्या त्या संसार सोडण्यासाठीं. बंगालच्या गृहिणीनें जोडल्या त्या संसार सांधण्यासाठीं. वस्त्र तेंच, शब्द तोच, परंतु हेतु असा फिरला आहे.

६. हें सूचिकर्म एकाच धर्माच्या स्त्रियांचें होतें असें मात्र समजूं नये. यशोहर, खुलना, फरीदपूर, मैमनसिंग, राजशाही या ज्या जिल्ह्यांत कंथा विशेष भरभराटीस आली त्यांत मुसलमान वस्ती मोठी होती. तेथील मुसलमान स्त्रियांनीं नमाजाचें आसन, जेवतांना पसरावयाचा दस्तरखान व कुराणाचें वेष्टन यांसाठीं याच टांक्यांनीं वस्त्रें भरलीं. मैमनसिंगकडील लोकगीतांचे संग्राहक व कवि जसीमउद्दीन यांचें 'नक्शी काँथार माठ' हें १९२९ सालीं प्रसिद्ध झालेलें काव्य याच समाजांतील आहे. त्याची नायिका पति परागंदा झाल्यावर आपल्या सहजीवनाची सर्व कहाणी एका कंथेवर भरते, व मेल्यावर ती आपल्या कबरीवर पसरावी असें सांगून जाते. कथा कल्पित असली तरी कंथा ही स्त्रीचें आत्मवृत्त होऊं शकते, ही समजूत त्या कवीनें लोकांतूनच उचललेली आहे. हिंदु घरांतील बायतन व मुसलमान घरांतील कुराणाचें वेष्टन यांचा टांका एकच आहे, ही गोष्ट इतिहासकारानें नोंदून ठेवण्यासारखी आहे.

७. आतां आमच्या मुख्य मुद्द्याकडे, म्हणजे अक्षरांकडे, वळतों. एकोणिसाव्या शतकांतील बंगालमध्यें स्त्रीनें लिहिणें वाचणें ही अपवादाची, व पुष्कळांच्या मतें अशुभाची गोष्ट होती. बेथून यांची मुलींची शाळा कलकत्त्यास निघाली ती १८४९ सालीं. खेड्यांतील स्थिति काय होती हें राससुंदरी देवी यांच्या 'आमार जीबन' या आत्मचरित्रावरून कळतें. या बाईंचा जन्म १८०९ च्या सुमाराचा. सासर फरीदपूर जिल्ह्यांत. चैतन्यभागवत आपण स्वतः वाचावें या एकाच इच्छेनें त्यांनीं पोथींतील एक सुटें पान काढून स्वयंपाकघरांत लपविलें, मुलानें अक्षरें गिरविलेलें ताडपत्र मिळविलें, आणि दोहोंतील अक्षरें ताडून पाहत पाहत त्या चोरून वाचावयास शिकल्या. पोथ्यांचे संग्राहक पान गहाळ असल्याची नोंद नेहमींच करितात. तें कोणाच्या हातीं गेलें असेल याचा एक मार्ग या हकीकतींत दिसतो.

ज्या समाजांत एक पान वाचण्यासाठीं इतकें सायास, त्याच समाजांतील, त्याच प्रदेशांतील स्त्रियांनीं वस्त्रावर सुईनें आपलीं नांवें लिहून ठेवलीं आहेत. कलकत्त्याजवळ जोका येथील गुरुसदय संग्रहालयांत मानदासुंदरी दासी या स्त्रीची एक प्रसिद्ध कंथा आहे. तिजवर करणारीनें आपलें नांव घातलें असून ती आपल्या पित्यासाठीं केली आहे असें अक्षरांनीं नमूद केलें आहे. लग्न होऊन परघरीं गेलेल्या मुलीनें पित्यास काय द्यावें? जमीन, धन, घर यांपैकीं तिच्या स्वाधीन कांहींच नसे. जुनीं वस्त्रें, त्यांच्या कांठांतील सूत व आपला वेळ एवढेंच तिचें होतें, आणि तेवढ्यावर तिनें आपलें दानपत्र केलें. दात्याचें नांव, प्रतिग्रहीत्याचें नातें, दिलेली वस्तु व स्वहस्ताची ग्वाही हीं दानपत्राचीं अंगें ताम्रपटांत आपण शोधीत असतों. तीं सर्व येथें आहेत.

८. कालनिर्णयाच्या दृष्टीनेंही कंथा साक्ष देते. कांठांतील सूत वापरल्यामुळें जुन्या कंथांत तांबडा, निळा व काळा हेच रंग प्रामुख्यानें असतात; गिरणीचें रंगीत सूत खेड्यांत पोंचल्यावर पिवळा, हिरवा वगैरे रंगांची गर्दी होऊं लागली. आकृतींत गोरे शिपाई, कंपनीचे अंमलदार, व्हिक्टोरिया राणीची मुद्रा असलेलीं नाणीं येतात, आणि त्यांवरून पूर्वमर्यादा ठरवितां येते.

एका गोष्टीचा घोटाळा मात्र होऊं देऊं नये. सोळाव्या-सतराव्या शतकांत पोर्तुगीज व्यापारी सातगांव बंदराच्या आसपास कापसाच्या वस्त्रावर पिवळ्या टसर रेशमानें भरलेल्या रजया विकत घेत, व त्या लिस्बनपर्यंत जात. त्यांवर बायबलांतील व ग्रीक पुराणांतील प्रसंग आढळतात. त्या रजया मागणीवरून, विक्रीसाठीं केलेल्या आहेत. त्यांचें कापड नवें, रेशीम विकतचें. घरगुती कंथेशीं त्यांचें नातें टांक्याचें आहे, हेतूचें नाहीं.

९. कंथांचा पद्धतशीर संग्रह करण्याचें श्रेय प्रामुख्यानें गुरुसदय दत्त (१८८२–१९४१) यांस आहे. हे सनदी नोकर असून, जिल्ह्याजिल्ह्यांत फिरतांना पट, बाहुल्या, लांकडी व मातीचीं कामें यांबरोबरच त्यांनीं कंथाही मिळविल्या. त्यांच्या संग्रहावरूनच वर सांगितलेलें संग्रहालय उभें राहिलें व १९६३ सालीं लोकांस खुलें झालें. स्टेला क्रामरिश यांच्या जवळच्या कंथा अमेरिकेंत फिलाडेल्फिया येथील कलासंग्रहालयांत गेल्या, व तेथें २००९ सालीं त्यांचें मोठें प्रदर्शन भरलें.

परंतु संग्रहाबरोबर एक हानिही झाली. फाळणी होऊन १९४७ सालीं यशोहर, खुलना, फरीदपूर, मैमनसिंग, राजशाही हे प्रदेश पूर्व पाकिस्तानांत गेले, व १९७१ पासून ते बांगलादेशांत आहेत. कंथा एका देशांत आणि तिचें गांव दुसऱ्या देशांत, अशी पुष्कळांची स्थिति झाली. ज्या कंथेवर अक्षरें होतीं तिनें आपलें नांव स्वतःबरोबर नेलें. जिच्यावर नव्हतीं ती नुसती 'बंगाल, एकोणिसावें शतक' एवढ्या चिठ्ठीची धनीण झाली. पुढें शांतिनिकेतनाच्या परिसरांत व बांगलादेशांत या कलेचें पुनरुज्जीवन झालें, आणि नव्या रेशमावर कंथेचा टांका घालून सहस्रावधि स्त्रिया आपला चरितार्थ चालवितात, ही समाधानाची गोष्ट आहे. मात्र तो धंदा आहे. जुन्या कंथेची साक्ष त्यानें भरून निघत नाहीं.

१०. यावरून आपल्याकडील संग्राहकांनीं घ्यावयाचा बोध स्पष्ट आहे. आपल्या दप्तरांचें बासन बहुधा साधें, खारव्याचें किंवा जुन्या लुगड्याचें असतें. तिजवरच्या कंथेसारखीं कमळें व अक्षरें त्यावर असतीलच असें नाहीं. परंतु त्याचा कांठ, वीण, ठिगळ व शिवण हीं त्या घरांतील स्त्रियांचींच आहेत. कागदांतून त्यांचीं नांवें फार थोड्या ठिकाणीं येतात. वेष्टन मात्र प्रत्येक दप्तरास आहे. म्हणून आमची विनंति अशी कीं, दप्तर सोडतांना बासन वेगळें काढलें तरी त्यास दप्तराचाच क्रमांक द्यावा. तें धुऊं नये; मळ व डाग हेही कांहीं सांगतात. दोन्ही बाजूंचें छायाचित्र घ्यावें, कारण सुताच्या गांठी व दुरुस्तीचे टांके मागील बाजूस दिसतात. तें घडी करून दाबून न ठेवितां गुंडाळून ठेवावें. आणि घरांतील वृद्ध स्त्रियांस, हें कोणाचें लुगडें, कोणीं शिवलें, हें विचारून तें उत्तर त्याच दिवशीं लिहून ठेवावें. दप्तराचा इतिहास घरांतील पुरुष सांगतात; बासनाचा इतिहास सांगणाऱ्या बहुधा त्याच स्त्रिया असतात, आणि त्यांस तो विचारणारा आजवर क्वचितच भेटलेला आहे.